न लागणारा मार

१

रविवारी नागपुरात लकडगंजातल्या लाकूड चिरायच्या आरामशिनी थंड झाल्या की भीमाबाईचं काम सुरू व्हायचं. जेवणं आटोपून ती इंदोऱ्यातून पायी निघायची. खांद्याला तरटाची पिशवी, तिच्यात नारळाच्या दोन करवंट्या, पत्र्याचा तुकडा आणि खडे भरलेला डबा. पिशवीत न मावणारा, मधोमध चिरलेला एक बांबू मात्र हातात. वाटेत पोरं हटकून विचारायची, ‘‘मावशी, कोनाले झोडपाले चालली?’’

‘‘तुह्या मास्तरले,’’ ती म्हणायची. पोरं खूश व्हायची आणि भीमाबाईही.

लाकडाच्या एका टालीमागं लांबलचक शेड रिकामी पडली होती. तिथं रुपराव नावाचा गृहस्थ दुपारचे सिनेमे दाखवायचा. खिडक्यांना तरटं ठोकली की भर उन्हात आत अंधार. जमिनीवर लाकडाच्या भुशाचा जाड थर, त्यावर लोक ऐसपैस बसायचे. पडदा नव्हताच. समोरच्या भिंतीवर चुन्याचा मोठा चौकोन मारला होता, तोच पडदा. मुख्य खेळ हिंदी असायचा. पण हमाल, आरेवाले आणि त्यांच्या लेकुरवाळ्या बायका येऊन टेकेपर्यंत रुपराव एक जुनी मुकी फीत लावायचा. सदरमधल्या कुठल्याशा क्लबाच्या भंगारात ती त्याला मिळाली होती. सुरुवातीची नावं फाटून गेलेली. ती कुणी काढली, कुठं काढली, हे कुणाला ठाऊक नव्हतं आणि त्यावाचून कुणाचं अडतही नव्हतं.

फितीत एक उंच, किडकिडीत माणूस होता. चौकडीचा कोट, कोपरापर्यंत चढलेल्या बाह्या, डोक्यावर चपटी टोपी. लोकांनी त्याचं नाव चिंधीराव ठेवलं होतं. हा चिंधीराव पहिल्यापासून शेवटपर्यंत नुसता मार खायचा. शिडीवरून पडायचा, चुन्याच्या बादलीत बसायचा, दारात बोटं चेमटून घ्यायचा, आणि एक मिशाळ हवालदार लांब दंडुका उगारून त्याच्या मागं लागलेला असायचा.

पण मुका मार बघून हसू येत नाही. माणूस दाणकन पडतो आणि आवाजच होत नाही, तेव्हा त्याला खरंच लागलं की काय असं वाटतं. पहिल्या खेळांना लोक नुसते गप्प बसून राहिले. तेव्हा रुपरावानं भीमाबाईला आणून त्या चौकोनाच्या कोपऱ्याशी बसवलं. दंडुक्याला बांबू, शिडीला करवंट्या, बादलीला पत्रा, कडकडणाऱ्या दातांना खडे. तिचा हात असा नेमका पडायचा की आवाज भिंतीतूनच येतोय असं वाटावं. तेव्हापासून शेड हसून हसून फुटायची बाकी राहायची.

२

बांबू तिच्या नवऱ्याचा, धोंडबाचा. धोंडबा खडी गमतीतला सोंगाड्या. खडी गंमत म्हणजे आमच्या विदर्भाचा तमाशाच म्हणा. दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते, तिथं रात्र रात्र चालणारी. तिच्यात शाहिरानं गावं, नाच्यानं नाचावं आणि सोंगाड्यानं मार खावा. बांबू चिरलेला असला की त्याच्या दोन फाका एकमेकींवर आपटतात, आवाज बंदुकीसारखा निघतो आणि पाठीवर नुसता वारा लागतो. धोंडबा म्हणायचा, ‘‘सोंगाड्याचा मार लागत नाई, वाजते.’’ भीमाबाईला हे वाक्य पाठ होतं, आणि तिचा त्यावर पुरता विश्वास होता.

एका मंडईत मंचाची फळी निखळली आणि धोंडबा खरोखरचा पडला. लोक बराच वेळ हसत राहिले, कारण त्यांना ते सोंगच वाटलं. तेव्हापासून कमरेखाली त्याचं अंग गेलं. घरातली खाट हेच त्याचं गाव झालं आणि बांबू बायकोच्या हातात आला.

शेजारच्या सिंधूताईला हे पटायचं नाही. ती एकदा म्हणाली, ‘‘भिमे, तुह्या बापानं वाजवनं सोडलं, अन् तू वाजवाले जाऊन राहिली वं.’’

तिच्या बापाची गोष्ट वस्तीत सगळ्यांना ठाऊक होती. छप्पन साली तो नागपूरला येऊन दीक्षा घेऊन गेला, तेव्हा भीमाबाई पंधरा वर्षांची. मौद्याकडच्या त्यांच्या गावात पाटलाचा सांगावा आला, मिरवणूक आहे, डफ घेऊन ये. बाप म्हणाला, आता येणार नाही. संध्याकाळी माणसं काठ्या घेऊन दारावर आली. बाप आतून दाराला पाठ लावून बसला. डफ मांडीवर घेतला आणि त्याच्या कातड्यावर हात पालथा ठेवला, वाऱ्यानंसुद्धा तो वाजू नये म्हणून. दार रात्रभर हलत होतं. सकाळी त्यांनी गाव सोडलं ते सोडलंच.

‘‘माह्या बापानं दुसऱ्याच्या हुकमानं वाजवनं सोडलं,’’ भीमाबाई सिंधूताईला म्हणाली. ‘‘मी माह्या मर्जीनं वाजवतो. फरक हाय.’’

‘‘असन बापा,’’ सिंधूताई म्हणाली. आणखी काहीतरी तिच्या ओठावर आलं होतं, पण तिनं ते गिळलं.

३

होळीच्या आसपासचा रविवार. शेडचे पत्रे तापलेले. फीत नेहमीच्या जागी आली होती: चिंधीराव गुडघ्यावर बसून टोपी शोधतोय, मागून हवालदार दंडुका उचलतो. भीमाबाईनं बांबू उचलला, आणि तेवढ्यात एक गांधीलमाशी तिच्या मनगटावर येऊन बसली. हात जागच्या जागी थांबला.

भिंतीवरचा दंडुकाही थांबला.

तिला आधी वाटलं, सिनेमाची मशीन अडकली. पण मशीन मागं खर्रखर्र चालू होती. चित्रातल्या खिडकीचा पडदा वाऱ्यानं फडफडत होता. कोपऱ्यातलं कुत्रं शेपूट हलवत होतं. थांबले होते ते फक्त दोघे. हवालदाराचा हात डोक्यावर ताणलेला, आणि चिंधीरावानं खांदे आवळून, डोळे मिटून मान खाली घातलेली. मार यायची वाट बघणारा माणूस जसा बसतो तसा तो बसला होता.

लोकांना तो विनोदच वाटला. कुणीतरी खिदळलं. गांधीलमाशी उडाली. भीमाबाईच्या हातातून बांबू जवळजवळ आपसूक खाली आला, फटाक झालं आणि दंडुका चिंधीरावाच्या डोक्यात बसला. त्या दिवशीचं सगळ्यात मोठं हसू त्या फटक्याला मिळालं.

मुख्य खेळ सुरू झाल्यावर ती रुपरावाजवळ गेली. ‘‘रुपरावभाऊ, मंघानी फीत अटकली होती का?’’

‘‘अटकली असन.’’

‘‘अटकली तं जळाले पाह्यजे न? तुमीच सांगतलं होतं, दिव्यासमोर थांबली का भोक पडते म्हून.’’

रुपरावानं फीत उजेडात धरून बोटांखालून सरकवली. भोक कुठंच नव्हतं. ‘‘मंग नसन अटकली,’’ तो म्हणाला आणि चहा प्यायला गेला. रुपराव माणूस वाईट नव्हता, पण ज्या प्रश्नानं खेळ बंद पडेल तो प्रश्न त्याच्या कानात शिरत नसे.

भीमाबाईनं स्वतःची समजूत घातली. ऊन फार होतं. रात्री नीट झोप झाली नव्हती. डोळ्यांना भास होतात, कानांना होतात, मग भिंतीला झाला तर काय.

४

पुढच्या रविवारी तिनं परीक्षा घ्यायची ठरवली. चिंधीराव एका दुकानाच्या काचेसमोर उभा राहून टोपी नीट करतो, अशी एक जागा होती. तिथं हवालदार नसतो, शिडी नसते, काहीच नसतं. तिनं बांबू उचलला आणि मारला.

चिंधीराव पाय हवेत उडवून सपशेल उताणा पडला.

शेडमध्ये हशा फुटला. खोटं कशाला सांगा, क्षणभर भीमाबाईलाही मजा वाटली. आपल्या हाताला असं कुणी ऐकतं, हे सुख तिला जन्मात कधी मिळालं नव्हतं. मग चिंधीराव उठला. आधी एका कुशीवर वळला, हात कमरेवर ठेवला, दुसऱ्या हातानं जमीन रेटली. उभं राहिल्यावर त्यानं मागं बघितलं नाही, काचेतही बघितलं नाही. त्यानं चौकोनाच्या कोपऱ्याकडं बघितलं, जिथं ती बसली होती.

कमरेवर हात ठेवून उठायची ती लकब तिनं आयुष्यभर बघितली होती. सोंगाड्या म्हणून कितीही वेळा पडला तरी धोंडबा तसाच उठायचा.

ती मुख्य खेळाला थांबलीच नाही. भर उन्हात अर्धी पळत, अर्धी चालत घरी आली. दार उघडं होतं. सिंधूताई धोंडबाच्या काखेत हात घालून त्याला जमिनीवरून खाटेवर ओढत होती.

‘‘पडले का?’’ भीमाबाईनं विचारलं.

सिंधूताईनं धोंडबाकडं बघितलं. धोंडबानं मान वळवली. मग सिंधूताई म्हणाली, ‘‘आता सांगून टाकतो बाई. तू गेली का दर रविवारी पडते हा मानूस. मी उचलून ठेवतो. तुले सांगाचं नाई म्हून शपथ घातली यानं मले.’’

‘‘काहून नाई सांगाचं?’’

‘‘तू काम सोडशीन म्हून,’’ धोंडबा भिंतीकडं बघत म्हणाला. ‘‘अन् मले पडाची सवय हाय, भिमे. काई नवीन नाई ते.’’

पाठ पुसायला तो हल्ली तिला बंडी काढू देत नसे; आज तिनं ती वर केली. पाठीवर लांब, निळसर वळ होते. जुने पिवळे पडलेले, नवे ताजे. खाटेवरून पडून असे वळ उठत नाहीत, हे कुणालाही कळलं असतं. आणि त्याच्या केसांत पांढरे थेंब वाळले होते. तिनं नखानं एक खरवडला. चुना होता. त्यांच्या घराच्या भिंतींना नीळ दिलेली, चारी बाजूंनी निळ्या. चुना घरात औषधालासुद्धा नव्हता.

५

ती जायची बंद झाली. रुपरावाला निरोप दिला, दुसरं कुणी बघा. पुढच्या रविवारी दुपारी ती धोंडबाच्या खाटेला टेकून तांदूळ निवडत बसली. बाहेर सिंधूताई बकरीला हाका मारत होती. सगळं इतकं नेहमीसारखं होतं की भीमाबाईला स्वतःचंच हसू यायला लागलं. आपण बाई खुळावलो, ती मनाशी म्हणाली.

‘‘भिमे,’’ धोंडबा हळूच म्हणाला, ‘‘धर मले.’’

तिनं परात बाजूला सारून त्याचे खांदे धरले. त्याच क्षणी त्याचं डोकं एका बाजूला फेकलं गेलं. कुणीतरी मारल्यासारखं. पण फटका ऐकू आला नाही. मग दुसऱ्या बाजूला. मग पुन्हा. फटक्यांना ताल नव्हता, थांबा नव्हता, कुणीतरी अडाणी हात वाटेल तिथं झोडपत सुटला होता. रुपराव आज स्वतः वाजवत असणार, हे तिच्या चटकन ध्यानात आलं. त्याला काय माहीत, कुठं मारायचं आणि कुठं हात आवरायचा.

तिनं अंगाचा सगळा भार टाकून नवऱ्याला दाबून धरलं. तेव्हा तिला त्याचे पाय दिसले. फळी निखळल्यापासून मेलेले ते पाय हवेत भराभर चालत होते. शिडीच्या पायऱ्या शोधत असावेत तसे. मग ते घसरले, आणि तिच्या मिठीतून त्याचं अंग उचलून कुणीतरी फेकून दिलं. पडताना त्याचा हात परातीला लागला. परात उलटली, तांदूळ घरभर झाला, परात कडेवर गरगर फिरली आणि आडवी झाली. भीमाबाई तिच्याकडं बघत होती. पितळेची परात फरशीवर फिरली आणि टिचभर आवाज झाला नाही. बाहेर सिंधूताईची हाक मात्र स्वच्छ ऐकू येत होती.

बराच वेळ गेला. धोंडबा जमिनीवर पडून धापा टाकत होता. ‘‘लय बेसूर मारते गा हा,’’ तो म्हणाला आणि हसायचा प्रयत्न केला. ‘‘तुह्या हाताले निदान ताल होता.’’

त्या हसण्यानं भीमाबाईच्या डोळ्यांत पाणी आलं आणि पाठोपाठ राग आला. आजवर ती म्हणत आली होती, माझ्या मर्जीनं वाजवते. मर्जी कसली. कुणीतरी दंडुका उगारायचा आणि तिनं आवाज पुरवायचा. पाटलानं याहून वेगळं काय मागितलं होतं?

६

‘‘ती फीत लावू नका,’’ तिनं रुपरावाला सांगितलं. तो घराच्या ओट्यावर मशिनीला तेल देत बसला होता. ‘‘जाळून टाका.’’

‘‘काहून?’’

तिनं सगळं सांगितलं. सांगताना तिलाच ते खुळचट वाटत होतं. रुपरावानं ऐकून घेतलं. मध्येच त्याच्या हातातली तेलाची झारी थांबली, पण थोडाच वेळ.

‘‘वहिनी, धोंडबाले मेडिकलले दाखवा. अंगाले झटके येत असन. दुखन्याले दवाखाना असते, फीत काहून जाळू मी? लोक हिंदी पिक्चर सोडून चिंधीरावाले पाह्याले येऊन राहिले आता.’’

‘‘मंग दुसऱ्याले वाजवू देऊ नका. मीच येतो.’’

‘‘हे बोलल्या तुमी कामाचं,’’ रुपराव खूश होऊन म्हणाला. ‘‘माह्या हाताले थे जमत नाई.’’

घरी आल्यावर धोंडबा म्हणाला, ‘‘जाऊन काय करशीन?’’

भीमाबाईनं यावर वाटभर विचार केला होता. आवाजाची चटक लागल्यापासून भिंतीवरचा दंडुका आवाजावाचून पडत नव्हता. आपण घरी बसलो तर दुसरा कुणी मारेल. बांबू मोडला तर लोक फळीवर दगड मारतील. तेव्हा मारणारा हात आपलाच असला पाहिजे. तो आपला असला तर न मारणंही आपल्याच हातात राहील.

‘‘काई नाई करत,’’ ती म्हणाली. ‘‘तेच कराले चालली.’’

७

शेड भरली होती. तरटांच्या फटीतून उन्हाच्या रेघा भुशावर पडल्या होत्या. भीमाबाई आपल्या कोपऱ्यात बसली, पिशवीतलं सगळं काढून समोर मांडलं, बांबू मांडीवर घेतला. मशीन खरखरली. चौकोन उजळला.

चिंधीराव आला. दारात बोटं घालायला गेला आणि दार मिटता मिटता थांबलं. त्यानं हात अलगद काढून घेतला. तो शिडीवर चढला, शिडी कलली आणि कललेलीच राहिली. हवालदार धावत आला, दंडुका उचलला, आणि तोही तसाच राहिला. वरच्या बादलीतून चुन्याचे थेंब मात्र टप टप गळत होते. ते गळताना दिसत होते, ऐकू येत नव्हते.

‘‘बाई, झोपली का?’’ मागून कुणीतरी ओरडलं. शिट्ट्या सुरू झाल्या. ‘‘वाजव न वं.’’ आणि मग एका टवाळानं हातानंच टाळी वाजवली.

दंडुका वीतभर खाली आला. चिंधीरावाची मान वाकली.

आपला हात आपल्या ताब्यात, पण ही शेडभर माणसं? भीमाबाई उठली आणि सरळ मशिनीच्या उजेडात जाऊन उभी राहिली. तिची सावली भिंतीवर चढली, हवालदाराच्या छातीपर्यंत.

‘‘वहिनी, बाजूले व्हा,’’ मागून रुपराव म्हणाला.

‘‘नाई होत.’’ तिनं लोकांकडं तोंड केलं. डोळ्यांत उजेड जात होता, समोर कुणी दिसत नव्हतं. ‘‘आज कोनी वाजवाचं नाई. टाळी नाई, शिट्टी नाई. ज्याले मार पाह्याचा असन त्यानं येथी यावं, अन् मले मारून पाहावं. मले मारलेलं आयकू येते.’’

कुणीतरी हसायला लागलं आणि मध्येच थांबलं. पहिल्या रांगेत गोविंदा नावाचा म्हातारा हमाल बसायचा. आयुष्यभर सागवानाचे ओंडके वाहून त्याची मान वाकडी झाली होती. तो तिच्याकडं बघत नव्हता. तिच्या डोक्यावरून भिंतीकडं बघत होता. त्यानं शेजारच्या टवाळाचे दोन्ही हात आपल्या हातांत धरले.

‘‘वाजवू नका गा,’’ तो म्हणाला. ‘‘थे पाहा. वाट पाहून राहिला थो.’’

मग सगळ्यांनीच बघितलं. शेडमध्ये इतकी शांतता झाली की मशिनीची खरखर तेवढी उरली. आया आपापल्या लेकरांची तोंडं पदरानं झाकायला लागल्या.

भीमाबाई वळली. दंडुका धरलेला हवालदाराचा हात आता थरथरत होता. न मारता हात उगारून ठेवणं सोपं नसतं. चिंधीरावानं एक डोळा उघडला. मग दुसरा. तो कललेल्या शिडीवरून एकेक पायरी उतरला, टोपी उचलून झटकली आणि हात कमरेवर ठेवून हळूहळू ताठ झाला. तो किती उंच आहे हे इतक्या खेळांत कुणाला कळलंच नव्हतं. त्यानं भीमाबाईकडं बघून टोपी कपाळाला टेकवली आणि चौकोनाच्या कडेतून निघून गेला.

हवालदार एकटा उरला. त्यानं रिकाम्या शिडीकडं बघितलं, आपल्या दंडुक्याकडं बघितलं. मग तो समोर बघायला लागला. भीमाबाईला पाऊल मागं घ्यावंसं वाटलं, तिनं घेतलं नाही. तो चालत पुढं आला, मोठा होत गेला. पाय दिसेनासे झाले, डोकं दिसेनासं झालं, कोटाच्या गुंड्या तेवढ्या भिंतभर झाल्या. आणि भिंत पांढरी झाली. फितीचं टोक मशिनीत फटफट करत राहिलं.

हिंदी खेळाला न थांबताच लोक बाहेर पडले. रुपरावानं तरटं उघडली. उजेडात भीमाबाईला दिसलं, चुन्याच्या चौकोनाखाली भुशात बुटाचा एक ठसा होता. जड टाचेचा, भिंतीकडून बाहेर आलेला. तसले बूट त्या शेडमध्ये कुणाच्याच पायात नव्हते. रुपरावानंही तो पाहिला. त्यानं चपलेनं भुसा सारखा केला आणि फीत डब्यात भरायला लागला.

‘‘बांबू घेऊन जा,’’ तो म्हणाला. ‘‘येथी ठेवू नका.’’

८

वाटेत थांबत, बसत ती घरी पोचली तेव्हा दिवेलागण झाली होती. धोंडबा खाटेवर होता. उशी जागेवर, पांघरूण जागेवर. सिंधूताई उंबऱ्याशी बसली होती. ती उठत म्हणाली, ‘‘आज नाई पडला बाई. मी हलली नाई येथून.’’ आणि आपल्या घरी गेली.

‘‘आज कोनी मारलं नाई,’’ धोंडबा म्हणाला. त्याचा आवाज लहान मुलासारखा झाला होता. भीमाबाई त्याच्याजवळ बसली आणि पोटभर रडली. मग तोंड धुतलं, दिवा लावला, चुलीवर भात टाकला.

भाताला उकळी येत होती तेव्हा दाराची लावलेली कडी जागच्या जागी उडाली.

तिनं बघितलं. फळी आतल्या बाजूला वाकली आणि पुन्हा सरळ झाली. चौकटीतली माती खाली झरली. परत फळी वाकली. कोनाड्यातला पेला खाली पडून फुटला, त्याचे तुकडे तिच्या पायापर्यंत आले. भाताचा खदखदाट ऐकू येत होता. शेजारी सिंधूताईचा रेडिओ ऐकू येत होता. दाराचा आवाज मात्र नव्हता, पेल्याचा नव्हता.

‘‘कोन हाय वं?’’ धोंडबानं विचारलं.

‘‘हवालदार.’’

आयुष्यभर मार खाल्लेल्या माणसाला काही गोष्टी समजावून सांगाव्या लागत नाहीत. ‘‘काय मांगून राहिला?’’

‘‘आवाज मांगून राहिला. त्याच्यापाशी सोताचा नाई न.’’

‘‘मंग? देशीन?’’

भीमाबाईनं चूल विझवली. बांबू उचलला, दारापाशी गेली आणि फळीला पाठ लावून जमिनीवर बसली. पाठीत पहिला धक्का बसला तेव्हा तिचे दात एकमेकांवर आपटले. ते ऐकू आले नाहीत. तिनं बांबू मांडीवर आडवा घेतला, त्याच्या दोन्ही फाका मुठीत घट्ट आवळल्या आणि वरून दुसरा हात पालथा ठेवला.

‘‘नाई देत,’’ ती म्हणाली.

‘‘रातभर बसून राह्यशीन का अशी?’’

दार पुन्हा हललं. तिच्या खांद्यावर माती पडली. तिनं ती झटकली नाही.

‘‘माहा बाप बसला होता,’’ भीमाबाई म्हणाली.